म्हाळसाबाईची सही

कऱ्हाटी, ता. बारामती
२४ नोव्हेंबर १९९६

म्हाळसे,

पत्र उघडताना जीव खाली-वर करू नको. कुणी मेलं न्हाय. मी जिती हाय आणि माझ्याच हातानं लिवतीय.

तुझ्या हिंदुरावावर मी बारामतीच्या कोर्टात दावा टाकलाय. बेलिफ दारात उभा राहून सांगणार, त्याच्या आधी माझ्याकडनं कळावं म्हणून हे पोस्टाचे पैसे घालवते.

काय झालं ते तुला ठाव हाय का न्हाय, मला ठाव न्हाय. उन्हाळ्यात माझी सगळी मेंढरं तुझ्या लेकानं नेली. माझ्या गुडघ्यानं मेंढरामागं फिरणं हुईना, आणि सुनंला मेंढराचा वास येतो. ती येताना अत्तराच्या कुपीतनं आली. हिंदुराव म्हणला, मावशी, मला द्या, कुठल्या तरी ठेकेदाराच्या कामगारांना रोज मटण पुरवायचं काम घेतलंय. घेणारा तुझा लेक, म्हणून भाव मी पाडून दिला. रोख न्हाय म्हणला, चेक घ्या. सोळा-सोळा हजाराचे दोन चेक दिले. मी तिसरी शिकल्याली बाई. कागदावर आकडा दिसला म्हंजे बँकेत पैसा हाय असं समजले.

पहिला चेक बँकेनं परत धाडला. हिंदुराव म्हणला गणपती झाल्यावर टाका. टाकले, तर दोन्ही परत, आणि बरोबर चिठ्ठी, खात्यात पैसे न्हाईत. दसऱ्याला म्हणला दिवाळीत देतो. दिवाळीत मी तुमच्या हायवेच्या हाटेलावर गेले, तर गडी मागच्या दारानं पळाला. चाळिशीचा बाप्या, आणि पासष्टीच्या म्हातारीला बघून पळतो. तू तवा लेकीकडं गेली हुतीस. मला राग न्हाय आला, हसू आलं. घाट उतरून कोकणात मेंढरं न्यायची तवा वाटंतच तू अडलीस आणि ह्याची नाळ मी कापली, ईळा जाळावर धरून. रडंना म्हणून उलटा धरून दोन चापट्या मारल्या हुत्या. कमी पडल्या.

माझ्या थोरल्याची दिपाली आता वकील झाली, बारामतीला एका मोठ्या वकिलाच्या हाताखाली हाय. ती म्हणली आजी, दावा दोन जातीचा असतो. एक फौजदारी, त्यात गडी आत जातो. त्याची मुदत मी तुझ्या लेकाच्या गोड बोलण्यात घालवली. मुदत असती तरी तो दावा मी टाकला नसता. मला पैसे पायजेत, पोरगं जेलात नको. दुसरा दिवाणी. त्याला समरी दावा म्हणत्यात. त्यात चेक हाच साक्षीदार. समोरच्याला कायबी सांगायचं असंल तर आधी कोर्टाची परवानगी घ्यावी लागती, म्हणून लांबड लागत न्हाय. मी म्हणलं, हाच दे.

आता घाई कशाची ते ऐक. आमच्या रानाला लागून आप्पासाहेबाचा एकरभर माळ हाय, तो मी माझ्या नावानं घेतीय. इसार दिलाय. गुढीपाडव्याच्या आत उरल्याले बत्तीस हजार देऊन खरेदीखत झालं न्हाय, तर इसार बुडाला आणि माळ दुसऱ्याच्या घशात. आप्पासाहेब तसा गोड माणूस हाय, उसासारखा, पण चरकात हात आपला जातो. तुला सांगाय नको, म्हाळसे. जन्मभर आपण दुसऱ्याच्या रानात मेंढरं बसवली. खत त्यांच्या रानाला आणि पायलीभर ज्वारी आपल्या पदरात, आणि सकाळी 'उठा आता'. मरायच्या आधी एक एकर असा पायजे, जितनं मला कुणी उठा म्हणणार न्हाय.

तुझ्याशी माझं भांडण न्हाय. गुडघ्याला एरंडाचं पान बांधत जा. आणि अक्षर जरा मोठं काढ, मागच्या पत्रात मुंग्या चालल्या हुत्या.

तुझी,
बना


भिगवण, ता. इंदापूर
११ डिसेंबर १९९६

बने,

तुझं पत्र मिळालं. मी ते दोनदा वाचलं. आधी वाटलं मला नीट वाचता येत न्हाय. मग कळलं की नीटच आलं.

दावा टाकलास. वर म्हणतीस भांडण न्हाय. मग हे काय, जात्यावरची ओवी हाय का? तुझ्या तोंडाला हाड न्हाय हे मला लहानपणापासनं ठाव हाय. पण हिंदुराव तुझ्या मांडीवर वाढलाय. त्याच्या ठेकेदारानं सगळ्यांचे पैसे बुडवून पोबारा केला. तो मला सांगत न्हाय. जेवताना भाकरी मोडतो आणि तशीच ठेवतो, त्यावरनं मला कळतं. तुझे पैसे द्यायचे न्हाईत असं त्याच्या मनात न्हाय. तोंड दाखवायची लाज वाटती. तू त्या लाजंवर दावा टाकलास.

मी त्याला अजून काय सांगितलं न्हाय.

शनिवारी कोर्टाचा माणूस आला हुता. हिंदुराव टेंपोत मासळी घालून पुण्याला गेल्याला, सूनबाई मनिषा माहेरी. त्यानं इचारलं, आजी, घरात मोठं कोण? मी म्हणलं, मीच. त्यानं शाईची डबी काढली आणि म्हणला, अंगठा उठवा. बने, मला कसंतरी झालं. साक्षरतेच्या वर्गात दोन हिवाळे बसले, थंडीत बोटं वाकडी झाली, तवा कुठं अक्षर आलं. आणि तवापासनं एका माणसानं सही मागितली न्हाय. रेशनवाला बी डबीच पुढं करतो. मी म्हणलं, डबी ठेव बाबा, मी सही करते. म्हाळसाबाई आबाजी मदने, सगळं लिवलं. काना-मात्रा कुठं चुकला न्हाय. तो म्हणला, झकास अक्षर हाय आजी. मग त्याला चहा दिला.

कागद मी देव्हाऱ्यात टाकाखाली ठेवलाय. आज देव बसले. चंपासटीपर्यंत ह्या घरात वाद न्हाय, कोर्टाचं नाव न्हाय. आबाजी होते तवापासनं ही रीत हाय. सोमवारी सट. तळी उचलली, भरीत-रोडग्याचा निवद झाला, की मंगळवार जड वार, तो जाऊ देते. बुधवारी सकाळी त्याच्या हातात देते. देवाच्या पायाशी राहून कागदाचा कडूपणा बी उतरंल.

तुझी बांडी मेंढी मी कापू दिली न्हाय. दारात बांधलीय. सकाळी वरडती ते थेट तुझ्यासारखं.

भरताला वांगी धाडली असतीस तर हात झिजला नसता.

म्हाळसा


बारामती
१९ डिसेंबर १९९६

आजी,

मी तुझी वकील आहे. हे पत्राने कळवते, कारण समोर येऊन सांगायला लागले तर माझ्या तोंडून काय निघेल ते सांगता येत नाही, आणि तू हातात उलथनं घेशील.

रविवारी कऱ्हाटीला जेवायला बसले तेव्हा मी तुला काय सांगितलं होतं? हिंदुरावकाकांच्या घरी समन्स पोहोचलंय. घरातल्या मोठ्या बाईंनी पूर्ण नावाने सही करून घेतलंय, त्यात खोट काढायला जागा नाही. दहा दिवसांत काकांनी कोर्टात हजेरी लावली नाही, तर पुढे त्यांचं काही ऐकायचं कारणच उरत नाही. हुकूमनामा आपल्या बाजूने. मंगळवारी मुदत संपते. हे सगळं ऐकून तू 'बरं' म्हणालीस आणि मला आणखी कालवण वाढलंस. मला वाटलं आजी खूश झाली.

मंगळवारी दुपारी मी आत कोर्टासमोर उभी होते. बाहेर आल्यावर शिपाई सांगतो, एक आजी एका दांडग्या माणसाला दंडाला धरून वकिलांच्या टेबलांमधून फिरवत होत्या. प्रत्येकाला विचारत होत्या, फी किती, ह्याच्याकडं पैसे न्हाईत. माझ्या रिकाम्या खुर्चीपाशी आल्यावर म्हणाल्या, 'हितं नको, ही माझी हाय.' कोर्ट उठायच्या आत काकांची हजेरी लागली.

माझे साहेब इतके हसले की त्यांना ठसका लागला. म्हणाले, एवढी वर्षं वकिली केली, पण प्रतिवादीला मुदतीत आणून पोचवणारी वादी पाहिली नव्हती.

मला हसू येत नाही. आता आम्हाला निकालासाठी पुन्हा वेगळं समन्स काढावं लागेल. त्यावर ते बचावाची परवानगी मागतील. कोर्टाने ती दिली, तर आपला दावा साध्या दाव्यांच्या रांगेत जाऊन बसेल. वर्ष जाईल, दोन वर्षं जातील. पाडव्याला साडेतीन महिने राहिलेत, आजी. तुझा एकर तुझ्या हातात आला होता आणि तू एसटीचं तिकीट काढून तो सोडून आलीस. का?

आणि गुडघ्याचं काय? बसायला जागा मिळाली होती का?

दिपाली


कऱ्हाटी
२२ डिसेंबर १९९६

दिपे,

जागा मिळाली. एका पोराच्या पायावर गाठोडं ठेवलं, तो उठला.

तू इचारलंस का, म्हणून सांगते. दुसऱ्यांदा सांगणार न्हाय.

तू रविवारी मुदतीचं बोललीस, तवा मी खरंच खूश झाले. सोमवारी पोस्टमन म्हाळसाचं पत्र घेऊन आला. त्यात ती लिवती, समन्साचा कागद देवाखाली ठेवलाय, सट झाल्यावर बुधवारी लेकाला देते. मंगळवारी तुमची मुदत संपणार आणि बुधवारी ही बया कागद काढणार. हिंदुरावाला तर ठावच न्हाय की असा कायतरी कागद घरात हाय. म्हाळसानं देवाचा मान राखला आणि त्याच सुरीनं लेकाचा गळा कापला. आणि ते सुदीक कशापायी, तर सही करायची हौस.

तू म्हणशील, त्यात आपलं काय गेलं. ऐक. मला एकर मिळाला असता. पण त्या एकरात मी जवा जवा पाय टाकला असता, तवा म्हाळसा तिकडं घरात बसून म्हणली असती, माझ्या सहीनं झालं. ती मला शिव्या देणारी बाई न्हाय. स्वतःलाच खाणारी हाय. जत्रंतल्या कुस्तीला समोरचा गडी फडात आलाच न्हाय, तर पंच दुसऱ्याचा हात वर करत्यात. इनाम मिळतं. पण फेटा कुणी बांधत न्हाय.

मंगळवारी पहिल्या गाडीनं बारामती, तितनं भिगवण. म्हाळसा दारात बसून सटीचं शिळं भरीत खात हुती. मला बघून पहिला सवाल, 'वांगी आणलीस का?' मी म्हणलं आधी कागद काढ. तर म्हणती आज मंगळवार, देवाखालनं काढायचा न्हाय. मी देव्हाऱ्यापुढं हात जोडले आणि देवालाच इचारलं, मल्हारी, तुला हिचा लेक पायजे का हिचा वार? देव गप बसला. मी कागद काढला.

हिंदुराव मला बघून मागच्या दाराला गेला. ह्या खेपेला मागच्या दारात मी हुते.

तोंड एवढंसं झालं त्याचं. म्हणला, 'मावशी, तुमीच दावा टाकला आणि तुमीच न्याला आला?'

मी म्हणलं, 'दावा टाकलाय, खड्डा न्हाय खांदला. चल.'

त्यानं पायताण घातलं आणि निघाला. बारामतीच्या स्टँडवर मला भजी घेऊन दिली. पैसे त्याच्याकडं मोजून तेवढेच हुते, मला दिसलं. मी खाल्ली. न खाल्ली असती तर त्याला लागलं असतं.

आता जे व्हायचं ते कोर्टात, उजेडात हूदे. तुझी फी बुडणार न्हाय. आणि त्या हसणाऱ्या सायबाला म्हणावं, ठसक्यावर गूळ खा.

आजी


कऱ्हाटी
२१ फेब्रुवारी १९९७

श्रीमती म्हाळसाबाई आबाजी मदने यांस,

पत्रास कारण की तुमच्या चिरंजीवांनी कोर्टात जो शपथेचा कागद दिला, त्याची नक्कल माझ्या वकिलानं मला वाचून दाखवली.

त्यात लिवलंय की बनाबाईनं इकल्याल्या मेंढरांना लाळ्या रोग हुता. निम्मी मेंढरं चार दिवसांत मेली. बनाबाईला ते ठाव हुतं आणि तिनं फसवून इकली. म्हणून चेकाचे पैसे देणं लागत न्हाय, आणि हे सगळं सांगायला कोर्टानं परवानगी द्यावी.

पैशाचं मला सांगू नका. पैसे बुडवणारे मी लई बघितले. पण मी रोगी मेंढरू इकलं, असं आजवर कुणी म्हणलं न्हाय. दुष्काळात म्हणलं न्हाय, कोकणात अडल्या जागी म्हणलं न्हाय. ज्याला मी हाताला धरून कोर्टात न्हेलं, त्यानं ते म्हणलं. ती मेंढरं तुमच्या दारात उतरली तवा तुमीच मोजून घेतली हुती. तुमाला लाळ्या वळखता येत न्हाय असं तर न्हाय.

तारीख १४ मार्चला हाय. माझी वकील म्हणती, एवढ्या शपथेवर परवानगी मिळू शकती. मिळाली तर माझा एकर गेला. कळावं म्हणून लिवलं.

तुमी बरं असाल.

बनाबाई


भिगवण
३ मार्च १९९७

बने,

मला तुमी म्हणू नको. दहा शिव्या दे, पण तुमी म्हणू नको. 

मला ह्यातलं ठाव नव्हतं. देवाच्यान. त्यानं वकिलाकडं सही केली, एवढंच मनिषानं सांगितलं हुतं. तुझं पत्र आल्यावर मी तिला म्हणलं, तो कागद मला दे. ती म्हणली, आत्या, कोर्टाची भाषा हाय, तुमाला कळायची न्हाय. मी म्हणलं, दे. बोट ठेवून वाचला. लई शब्द कळले न्हाईत. पण लाळ्या कळला. तुझं नाव कळलं. खाली त्याची सही कळली.

मला पयलं वाटलं, तुझंच चुकलं. कशाला आलीस त्या मंगळवारी? नसती आलीस तर त्याला असलं काय लिवायची पाळीच आली नसती. असं बी मनात आलं, ते तुला सांगते. आईचं मन हाय, कुठं बी जातं.

काल रविवार. मी ताटात भंडारा घेतला. पाट मांडला. बांडीला दारातनं आत ओढून आणली, तिनं चौकात घाण केली, ती मनिषानं काढली. हिंदुराव जेवायला आला तवा त्याच्या पाटापुढं भाकरी न्हाय, भंडारा. शेजारी त्याचा कागद ठेवला.

मी म्हणलं, 'वाच. मोठ्यानं वाच. आणि वाचून झालं की भंडारा उचल.'

तो म्हणला, आई, वकील म्हणला असंच लिवावं लागतं, न्हायतर परवानगी मिळत न्हाय. थोडी मुदत मिळाली तर पैसे उभे करतो, बुडवायचे न्हाईत मला. मी म्हणलं, वाच. त्यानं वाचायला सुरवात केली. त्याचं नाव, बापाचं नाव, धंदा, सगळं वाचलं. 'वादीची मेंढरं' इतपर्यंत आला आणि थांबला. बांडी त्याचा सदरा चावत हुती. ती उन्हाळ्यापासनं त्याच्या दारात ठणठणीत उभी हाय, बने. रोज तोच तिला पाणी पाजतो.

मी म्हणलं, आता उचल. तुझा बाप भंडारा उचलून खोटं बोलला न्हाय, तू उचल, मी बघते.

त्यानं हात पुढं केला न्हाय. मग उठला, बांडीच्या गळ्याचं दावं धरलं आणि तिला पाण्याला घेऊन गेला. जेवला न्हाय. मी बी जेवले न्हाय. मनिषानं दोघांची भाकरी झाकून ठेवली.

आज सकाळी दौंडचा एक माणूस येऊन टेंपो बघून गेला. टायर बघितले, चालवून बघितला. मला कुणी काय सांगितलं न्हाय. मी इचारलं न्हाय.

तारखेला मला यायचं हुतं. पण मी आले तर लोक म्हणतील आईनं धरून आणला. एकदा तू धरून न्हेलास, तेवढं बास. त्याला एकट्याला जाऊ दे.

तुला अजून राग असंल तर तसं लिव. पण तू म्हण.

म्हाळसा


कऱ्हाटी
३० मार्च १९९७

म्हाळसे,

तू. तू. तू. झालं का पोट भरून?

राग हाय. पण तो आता म्हातारा झालाय, दारात बसून असतो.

चौदा तारखेचं हिंदुरावानं तुला सांगितलं असंलच, पण बाप्ये असलं धड सांगत न्हाईत. म्हणून मी सांगते. त्याचा वकील उभा राहिला, परवानगी पायजे म्हणून इंग्रजी बोलाय लागला. तेवढ्यात हिंदुराव मागनं पुढं आला. वकिलानं कोट धरून ओढला, तर ह्यानं कोट सोडवून घेतला. जज सायबानं इचारलं, काय म्हणायचंय?

म्हणला, 'साहेब, मेंढरं चांगली होती. ते मी खोटं लिवलं. मला परवानगी नको. पैसे द्यायचेत, सांगा कसे देऊ.'

वकिलानं तोंड फायलीत घातलं. जज सायबानं खोट्या शपथेबद्दल चांगलं खडसावलं. हिंदुराव मान खाली घालून ऐकत हुता, आणि मला तो उलटा धरला हुता तवाचा दिसला. तवा बी दोन चापट्यांनी सूर धरला हुता. ह्या खेपेला चापट्या तू मारल्यास. हात न लावता.

मग दिपालीनं आणि त्यांनी मिळून तडजोडीचा कागद केला, कोर्टानं त्यावर हुकूमनामा दिला. टेंपो गेला तुमचा. बत्तीस हजार परवा मला पोचले, रोख. मी मोजले. तुझ्या लेकाचे हायेत म्हणून न मोजता घेईन असं वाटलं असंल तर इसर. मासळी आता रेल्वेनं पुण्याला धाडतोय म्हणला. आगगाडीला निदान टायर न्हाईत.

व्याज आणि कोर्टाचा खर्च राहिलाय, तो महिन्याच्या हप्त्यानं द्यायचा ठरलाय. दिपाली म्हणली, आजी, व्याज सोडून दे की. मी म्हणलं, सोडणार न्हाय. सोडलं तर हिंदुराव जन्मभर म्हणंल मावशीनं उपकार केला, आणि पुन्हा मला बघून मागच्या दारानं पळंल. व्याज फिटतं. उपकार फिटत न्हाय. ते हप्ते मनिआर्डरनं धाडायचे न्हाईत. तू घेऊन यायचं. एसटीला तुझं अर्धं तिकीट लागतं, रडू नको.

दिपालीनं एक सांगितलं, ते तुला सांगावं का न्हाय असा इचार करत हुते. मी त्या मंगळवारी आले नसते, तर हुकूमनामा डिसेंबरातच माझ्या हातात आला असता. पण हिंदुरावानं तुला आणि मला दोघींनाबी तोंड दाखवलं नसतं. आणि पैसे वसूल करायला मला त्याच्या दारात जप्ती न्यावी लागली असती. बेलिफ पुन्हा आला असता आणि तू पुन्हा सही करून त्याला चहा पाजला असतास. तर आता त्याचं तू मनात घेऊ नको. मी बी घेत न्हाय.

आता कामाचं.

पुढच्या सोमवारी, सात तारखेला, पाडव्याच्या आदल्या दिवशी, बारामतीच्या कचेरीत माझं खरेदीखत हाय. आप्पासाहेब शेवटपर्यंत आशेवर हुता की माझे पैसे जमत न्हाईत. इसार पचवायला त्यानं पोट मोकळं ठेवलं हुतं. त्याचं तोंड बघायला तरी ये.

येताना बांडीला टेंपोत आण म्हणले असते, पण टेंपो न्हाय. मग नंतर कवातरी आण. एक रात माझ्या रानात बसव. एका मेंढीचं खत ते किती, असं मला ऐकवू नको. आपल्या मेंढरानं आपल्या रानात बसलेलं मी अजून बघितलं न्हाय.

खरेदीखताला साक्षीदार दोन लागत्यात. एक शेजारचा सर्जेराव हाय. दुसरा कोण म्हणून लिहिणाऱ्यानं इचारलं. मी तुझं नाव सांगितलं. तो म्हणला, म्हातारी हाय का, मग शाईची डबी आणून ठेवतो. मी म्हणलं, डबी तुझ्या खिशात ठेव. ती सही करती, सगळ्या नावानिशी. कोर्टात टिकल्याली सही हाय ती.

तर आंघोळ करून, नीट लुगडं नेसून ये. चष्मा इसरू नको. आणि म्हाळसे, ह्या खेपेला सही करायच्या आधी कागद वाच. पहिल्यापासनं शेवटपर्यंत, बोट ठेवून वाच. कितीबी येळ लागू दे. मी थांबते.

बना